मडमाईचा मुराळी

६ मे, सोमवार

तोंडानं घात केला आज!

सकाळी फिलिपाबाईंच्या व्हिलावर सर्व्हेला गेलो. घर किती, खोकी किती लागतील, कंटेनर केवढा — हे डोळ्यानंच मापायचं असतं. पोरं पाठवून भागतं, पण बाईंचा नवरा कॉलिन गॅसकंपनीत मोठा साहेब, आणि त्या कंपनीची गोरी माणसं दोहा सोडताना आमच्याकडूनच घरातलं सामान बांधून घेतात. म्हणून मी स्वतः.

बाई साठीच्या पुढच्या, काठीसारख्या ताठ. प्रत्येक वस्तूवर आधीच स्टिकर लावून ठेवलेले. लाल म्हणजे पर्थ, हिरवा म्हणजे साउदम्प्टन. एका नवराबायकोचं सामान, दोन बंदरं! डायनिंग टेबल लाल, खुर्च्या हिरव्या. मी काही विचारलं नाही. लोकांची घरं बांधणाऱ्यानं कान उघडे ठेवावेत आणि तोंड बंद, हा माझाच नियम.

तो मीच मोडला. जिन्यापाशी एक जुनं चित्र होतं, जलरंगातलं. खोगिरासारखी टेकडी, खाली कालवा, कडेला कडुलिंब. मी जागच्या जागी उभा. म्हटलं, मॅडम, हे माझं गाव, पिंपळजाई. बाई हसल्या. म्हणाल्या, इंडियातला प्रत्येकजण हेच म्हणतो. मग मी ईर्ष्येला पेटलो. टेकडीला खोगीर म्हणतात, कालवा इंग्रज साहेबानं काढला, आणि त्या कडुलिंबाखाली आमच्या मडमाईची समाधी आहे. तिच्या दगडावरची इंग्रजी अक्षरं मी शाळेत असताना बोट फिरवून वाचायचो — एडिथ, आणि खाली बावीस वर्षं.

बाईंनी चित्र भिंतीवरून उतरवून हातात घेतलं आणि सांगू लागल्या. चित्र एडिथनंच काढलेलं. घराण्यात तिचं तेवढंच उरलंय. कुठं पुरली ते कुणालाच माहीत नव्हतं.

मग त्यांनी हळू विचारलं, तिला घरी नेता येईल का? तिकडं विलायतेत, आमच्या गावच्या चर्चच्या आवारात?

वाक्य संपायच्या आत मी म्हटलं, "नो प्रॉब्लेम, मॅडम."

इतकी वर्षं गिऱ्हाइकाला हेच म्हणत आलोय. पियानो तिसऱ्या मजल्यावरून उतरवायचा? नो प्रॉब्लेम. जीभच तशी वळलीय. पण मडमाई म्हणजे पियानो आहे काय!

७ मे, मंगळवार

बायकोला, राजश्रीला, सांगितलं. तिनं पोळी तव्यावर तशीच ठेवली आणि माझ्याकडे बघत राहिली. म्हणाली, आत्याबाईंना विचारलंत? म्हणजे माझ्या आईला.

नाही.

"अहो, तुम्ही लोकांची घरं खोक्यात भरता ना, तुम्हाला वाटायला लागलंय सगळंच खोक्यात मावतं."

पोळी करपली. तीच मला वाढली.

१२ मे, रविवार

बाईंनी चहाला बोलावलं. एडिथबद्दल घरात जे ऐकीव होतं ते सगळं सांगितलं. एकोणिसाव्या वर्षी लग्न करून बोटीनं आली. नवरा कालव्यावर इंजिनिअर, महिना महिना तंबूत. ही बंगल्यात. आसपास दुसरी गोरी बाई नाही. कपडे आतून पत्रा मारलेल्या पेटीत ठेवायचे, वाळवी लागते म्हणून. सकाळी दहाला पडदे ओढून घ्यायचे, संध्याकाळी पाचला उघडायचे. मधे काय? मधे काही नाही. चित्र काढायचं, नाहीतर खानसाम्यावर ओरडायचं. मडमांसाठी आपली बोली शिकायचं पुस्तक असायचं म्हणे, त्यात फक्त हुकूम. पाणी आण. दार लाव. चल, नीघ. "कशी आहेस" असं एक वाक्य नाही सगळ्या पुस्तकात.

मी बाईंना विचारलं, तुम्हाला अरबी किती येतं? त्यांनी बोटांवर मोजलं — यल्ला, खलास, शुक्रन. मग आम्ही दोघंही हसलो. कारण मलाही तेवढंच येतं. चल, संपलं, उपकार झाले! दोन्हीकडचे नोकर-मालक एवढ्यावरच निभावतात.

घरी येऊन एडिथचा दिनक्रम राजश्रीला सांगितला. तिला त्यात गोष्टच दिसेना. म्हणाली, या की सकाळी अकराला आपल्या फरीज बिन ओमरानमधल्या कुठल्याही बिल्डिंगीत. नवऱ्याच्या व्हिसावर आलेल्या सगळ्या पडदे ओढूनच बसलेल्या असतात. फक्त आम्हाला खानसामा नाही.

१४ मे

आईला फोन केला. मडमाईचा विषय काढला नाही. वांग्याचं विचारलं, गुडघ्याचं विचारलं, ठेवला.

२ जून, रविवार

बाई भलत्याच चिवट निघाल्या. पुण्यात वकील गाठला. कलेक्टर कचेरीत अर्ज पडला. तिकडच्या पाद्र्याचा होकार आला. माझ्याकडून एकच हवंय — खोकं. लहान, देखणं, हाडं राहतील एवढं. आणि एक वाक्य. गावाची हरकत नाही ना, मिस्टर महिपती?

मी मान हलवली. आपल्याकडची मान कुठंही हलते, तिचा अर्थ समोरच्यानं काढायचा असतो. त्यांनी सोयीचा काढला.

खरं काय ते इथं तरी लिहितो. मडमाई गावाची लेक आहे. माझ्या पणजीची सासू गावची सुईण. मडम पहिलटकरीण होती, साहेब तंबूत, निरोप धाडला तर आला नाही — काम अडलंय म्हणाला. खानसामा सुईणीला बंगल्याची पायरी चढू देईना. शेवटी मडमेनं आतून हाक मारली तेव्हा कुठं ती आत गेली. फार उशीर झाला होता. मूलही गेलं, तीही गेली — सुईणीच्या मांडीवर डोकं ठेवून. तेव्हा सुईण म्हणाली, पहिलं बाळंतपण माहेरी असतं. ते इथं झालं. मग हेच हिचं माहेर.

झालं. ज्या बाईची गावात हडळच व्हायची, तिची माहेरवाशीण झाली. पंचमीला सगळ्या लेकी माहेरी येतात तेव्हा बाया तिच्या दगडाला बांगड्या वाहतात, ओटी भरतात, तिच्याभोवती फेर धरतात. आई तिचा सगळा मानपान बघते. आधी आजी बघायची.

आणि मी तिला खोक्यात घालून समुद्रापार धाडायला निघालोय. पाच हजार माणसांचं गाव मला वेशीतून आत घेणार नाही. आईचं तोंड तर डोळ्यांसमोर आणवत नाही.

२० जून, गुरुवार

दुपारी उन्हात बाहेरची कामं बंद असतात, तेव्हा वर्कशॉपात बसून खोकं करायला घेतलं. स्वतःच्या हातानं. सुतारकीवरच या देशात उतरलो होतो, हात विसरलेला नाही. सागवान. आतून पत्रा मारायचा.

अश्फाक, आमचा फोरमन, येऊन बघून गेला. "सेठ, इतनी सफाई! इसमें क्या जाएगा?" म्हटलं, एका मेमसाहेबाचं सामान. तो म्हणाला, दोन दिवसांचं काम आठवडाभर चाललंय, सामान फार नाजूक दिसतं.

नाजूक कसलं. वेळ काढतोय. परवानगी येणार नाही, सरकारी काम आहे, बाईंचे जायचे दिवस येतील, आपोआप मिटेल!

१४ जुलै, रविवार

परवानगी आली.

१५ जुलै

बाईंना म्हटलं, पावसाळ्यात खणणं बरं नाही, दिवाळीनंतर बघू. त्या म्हणाल्या, दिवाळीत मी दोह्यात नसेन. मग माझ्याकडे रोखून बघून, "काही अडचण आहे का? असेल तर आत्ताच सांगा."

सांगायचं होतं. तेवढ्यात कॉलिनसाहेबाचा व्हिडिओकॉल आला. पर्थहून. त्यांनी फोन उलटा ठेवला, पण आवाज बंद केला नाही. मला काय, कान आहेत. मागून कुणीतरी बाई लाडात विचारत होती, ते टेबल कधी पोचणार? डायनिंग टेबल. लाल स्टिकरवालं.

फिलिपाबाई फोन संपवून म्हणाल्या, कुठं होतो आपण? मी म्हटलं, नो प्रॉब्लेम, मॅडम.

दुसरं काय बोलणार होतो? ज्या बाईच्या हातून सगळं चाललंय तिला म्हणू, आता हेही नाही मिळायचं?

२८ जुलै, रविवार

आईचा फोन. आपणहून. औंदा सुनांनी मडमाईला हिरवा चुडा भरायचा ठरवलाय, तर पैसे नकोत पण तिकडून बरीशी अत्तराची बाटली धाड, म्हणाली. मडमाईला वास आवडायचा म्हणे. कुणी सांगितलं कुणास ठाऊक!

मग पंचमीचं गाणं म्हणून दाखवलं, जणू मी कधी ऐकलंच नाही.

साऱ्या लेकींचा मुराळी आला बैलाच्या गाडीनं,
मडमाईचा मुराळी वाट चुकला पाण्यानं.

मुराळी म्हणजे माहेरचा माणूस, लेकीला न्यायला येतो तो. गाण्यात तिला न्यायला कुणीच येत नाही, म्हणून गावच तिला धरून ठेवतं. लहानपणी या ओळीला आई पदर डोळ्याला लावायची. आजही आवाज हलला.

मी म्हटलं, आई — आणि तिनं म्हटलं, काय रं? आणि मी म्हटलं, अत्तर पाठवतो.

भ्याड कुठला.

५ ऑगस्ट, सोमवार

खोकं पोचवलं. बाईंनी हात फिरवला, झाकण उघडून आतला पत्रा बघितला. तिच्या पेटीसारखं केलंत, म्हणाल्या. डोळे भरले होते. त्या मंगळवारी रात्रीच्या विमानानं निघणार, पुण्याहून गाडी, वकील सोबत. गुरुवारी खणायचं. बोलायला लागलं तर फोन लावीन, तुम्ही मधे बोला, म्हणाल्या.

गुरुवार. म्हणजे पंचमीचा आदला दिवस. गाव माहेरवाशिणींनी भरलेलं असणार!

७ ऑगस्ट, बुधवार

सकाळी राजश्रीनं माझा फोन घेतला, आईचा नंबर लावला आणि माझ्या हातात दिला. दारात उभी राहिली, मला बाल्कनीत पळता येऊ नये म्हणून.

सगळं सांगितलं. चित्रापासून खोक्यापर्यंत. फिलिपाबाई उद्या दारात येतील हेही. कोंबड्यांचा आवाज येत होता.

शेवटी आई म्हणाली, "बरं. येऊ दे." आणि फोन ठेवला.

शिव्या घातल्या असत्या तर बरं झालं असतं. पुन्हा लावला, उचलत नाही. शेजारच्या केरबाला लावला. तो म्हणाला, तुझी आई घरोघर जाऊन बायकांना उद्या सकाळी कडुलिंबाखाली बोलावतीया, काय आहे रं? कशासाठी ते सांगत न्हाई.

८ ऑगस्ट, गुरुवार

आजच लिहायला हवं.

हमद पोर्टवर होतो. दुसऱ्याच एका गिऱ्हाइकाचा कंटेनर अडकलेला. फोन वाजला, व्हिडिओ. फिलिपाबाई. डोक्याला रुमाल, काखेत ते खोकं, चेहरा लालबुंद. मागे बायाच बाया. नऊवारी, पंजाबी ड्रेस, कडेवर पोरं. दोन मजूर कुदळी घेऊन बाजूला. तलाठी. वकील घाम पुसत. आणि सगळ्यांच्या पुढं, दगडाला टेकून बसलेली माझी आई.

बाई म्हणाल्या, त्या काही करत नाहीत, फक्त बसल्यात. वकील म्हणतो पोलीस बोलवू. मला ते नको आहे. तुमची आई काहीतरी विचारतेय, एकच प्रश्न, सारखा.

त्यांनी फोन समोरच्या एका पोरीला दिला, तिनं तो आईपुढं धरला. मी सावलीसाठी कंटेनरच्या आडोशाला सरकलो. आईनं मला बघितलं न बघितल्यासारखं केलं.

"महिपा, हिला इचार. ही माहेरची का सासरची?"

मला प्रश्न लगेच कळला. आणि हेही कळलं, की तीन महिने मी हे बाईंना विचारलंच नव्हतं. त्या "फॅमिली" म्हणायच्या. मीही फॅमिली म्हणायचो. इंग्रजीत तेवढ्यावर भागतं. आमच्या बायांचं भागत नाही. लेकीला न्यायला कोण आलं, यावर सगळं असतं. माहेरचा मुराळी आला असता, तर दीडशे वर्षांचं गाणं आज फिटलं असतं. त्यांनी वाजतगाजत पाठवली असती. हे मला त्यांच्या हातांकडे बघून कळलं. प्रत्येकीच्या हातात काही ना काही होतं. खण, नारळ, बांगड्या. आई बायकांना भांडायला गोळा करत नव्हती. पाठवणीला करत होती!

म्हणजे माझ्या एका शब्दावर होतं. तिकडं कुणाला इंग्रजी येत नव्हतं, वकील लांब होता. "माहेरची" म्हटलं की झालं. बाईंना एडिथ मिळाली असती, गाव खूश, कंपनीचं काम हातात, कुणालाही कधीही कळलं नसतं. धंद्यात यापेक्षा मोठ्या थापा मारल्यात.

आई माझ्याकडे बघत होती. मी बाईंना नीट विचारलं. तुम्ही एडिथच्या आईवडिलांकडच्या, की नवऱ्याकडच्या?

बाई गोंधळल्या. मग म्हणाल्या, नवऱ्याकडच्या. तो माझा पणजोबा. आम्ही त्याच्या दुसऱ्या लग्नाकडच्या. पहिलीनंतर वर्षाच्या आत झालं ते.

मी ते तसंच्या तसं मराठीत सांगितलं. बायांमधून एक सुस्कारा गेला. कुणीतरी नारळ खाली ठेवला.

आई म्हणाली, "मग न्हाई. ज्यांनी पोटुशी बाई एकली सोडली, त्यांच्या हाती लेक देत न्हाई आमी. कागद असू दे, न्हाईतर काय बी असू दे."

हेही मला बाईंना सांगायचं होतं. आयुष्यात गिऱ्हाइकाला "नाही" म्हटलेलं नाही. तरी सांगितलं. एक शब्द मऊ केला नाही.

मग फिलिपाबाई मजुरांकडे वळल्या आणि हातानं खूण केली — जा. कुदळी खांद्यावर गेल्या. मला म्हणाल्या, "तुमच्या आईचं बरोबर आहे. आमच्या घराची ती जुनी सवय आहे."

हे काही मी भाषांतर केलं नाही. पण आईला भाषांतर लागतच नाही. ती बाईंच्या तोंडाकडे बघत होती. म्हणाली, "हिचा मालक कुठाय? येवढ्या लांब एकली कशी आली?"

मी विचारलं नाही. बाईंनीच विचारलं, काय म्हणतात? सांगावं लागलं.

त्या किंचित हसल्या. "त्यांना सांगा, आमचं सामान वेगवेगळं बांधलंय. तुम्हाला तर स्टिकर ठाऊक आहेत, मिस्टर महिपती."

सांगितलं. आईनं दगडाला हात टेकून गुडघा सावरला, उठली. बाईंच्या हातातलं खोकं काढून वकिलाकडे दिलं, खुंटीला पिशवी अडकवावी तसं. मग खाली ठेवलेला तो नारळ उचलला. पुढचं दिसलं नाही. फोन कुणाच्या तरी पदरात गेला, सगळं हिरवं झालं, आणि बांगड्यांचा आवाज. मधेच आईचा — "नीट धर की पदर, बाई! रुमालात ओटी भरत्यात व्हय?"

मग कट.

कस्टमवाला हाका मारत होता.

९ ऑगस्ट, शुक्रवार, पंचमी

केरबानं फोटो धाडला. फेरात फिलिपाबाई. एका हाताला राजश्रीची धाकटी जाऊ, दुसऱ्या हाताला आई. पाय चुकलेला दिसतोय. हिरवा चुडा.

राजश्री फोटो मोठा करून बघत बसली. मग म्हणाली, पुढच्या वर्षी मी जाणार. तुमचा सीझन असो नाहीतर नसो. माझा भाऊ येईल न्यायला, त्याला तिकीट तुम्ही काढा.

हो म्हटलं. नो प्रॉब्लेम म्हटलं नाही.

१९ ऑगस्ट

गॅसकंपनीतून फोन नाही. कॉलिनसाहेबाचं टेबल गेलं. ते काम पुढं राहील की जाईल, सांगता येत नाही. झोप मात्र लागते.

२७ ऑगस्ट, मंगळवार

फिलिपाबाईंचं शेवटचं पॅकिंग. चुडा हातात तसाच. सगळं भरून झालं आणि मधल्या खोलीत एकच वस्तू उरली. सागवानी खोकं, रिकामं. अश्फाकनं विचारलं, यावर लाल की हिरवा?

बाई म्हणाल्या, कुठलाच नाही. ते मिस्टर महिपतींकडे राहू दे. मला लागेल पुढे, पण उलट्या वाटेनं. तिकडून इकडे. त्यांच्या आईनं कडुलिंबाखाली जागा दाखवून ठेवलीय, एडिथच्या उजव्या हाताला. राख फारशी जागा घेत नाही.

गोदामात वरच्या फळीवर ठेवलं. वर चिठ्ठी चिकटवली — मुक्काम पिंपळजाई. तारीख मोकळी सोडलीय. मुराळी कोण, ते आईनं मला न विचारताच ठरवून टाकलंय.